उजव्या हाताचा कित्ता

नारा, ४ नोव्हेंबर २०१७

वन्सं,

तोकुशिमाला आमच्या दारची सुदाची जातीची लिंबं यंदा उतरून झाली, तुमच्याकडे साकाईला अजून ऊन असेल. पाकिटावर माझं नाव बघून तुम्हाला नवल वाटलं असेल. लग्न होऊन तुमच्या घरात आले तेव्हापासून माझ्या हातचं एकही पत्र तुम्हाला आलेलं नाही. नववर्षाची कार्डं छापील, खाली ह्यांची सही. आणि तुमचा हा धाकटा भाऊ गेला तेव्हा तुम्ही मला जे बोललात, त्यानंतर आपल्यात बोलणंच उरलं नाही. मी ते उकरून काढायला लिहीत नाहीये.

मी नाराला एकटीच आलेय. ह्यांच्या निवृत्तीनंतर दोघांनी यायचं ठरलं होतं. आधी ह्यांची कागद गिरणी सुटेना, मग आजार सुटेना. यंदा वाटलं, कुणाची वाट बघत बसलेय मी?

काल देवळांच्या मागच्या गल्लीत शाईच्या दुकानाबाहेर पाटी दिसली. कुंचल्याच्या अक्षरांचा वर्ग, प्रवाशांसाठी, पहिल्यांदाच लिहिणाऱ्यांनी यावं. पाटी इंग्रजीतच होती. मी आत गेले तर शिकवणाऱ्या हिराओका बाईंना वाटलं, मी आधीच येऊन बसलेल्या ऑस्ट्रेलियन जोडप्याची दुभाषी. मी म्हटलं, मला शिकायचंय. बाई म्हणाल्या, "शाळेत शिकला असालच की." मी म्हटलं, "शिकवलं होतं. आलं नाही."

त्यांनी जास्त विचारलं नाही. समोर लोकरीचं काळं कापड, त्यावर कागद, कडेला दगडी दौत. शाईची कांडी पाण्यात उगाळायची, घाई न करता, वास येईपर्यंत. ऑस्ट्रेलियन आजोबांनी इतक्या जोरात उगाळली की त्यांच्या शर्टाच्या बाहीवर नक्षी झाली. त्यांची बायको हसून हसून वाकली. आधी नुसती आडवी रेघ काढायची. टेकायचं, ओढायचं, थांबायचं. मग बाई म्हणाल्या, कित्त्यातलं कुठलंही एक अक्षर निवडा. मी 'झाड' निवडलं. ह्यांच्या नावात झाड आहे म्हणून नव्हे, चारच फटकाऱ्यांत होतं म्हणून.

मध्येच बाईंनी माझ्याजवळ येऊन हळूच एक गोष्ट सांगितली. ती इथे लिहीत नाही. पण ती ऐकली नसती तर हे पत्र तुम्हाला आलं नसतं.

फेब्रुवारीत ह्यांचं दुसऱ्या वर्षाचं श्राद्ध आहे. पहिल्याला तुम्ही नुसती उदबत्ती पाठवलीत. या वेळी याल का?

नोबुए


साकाई, ९ नोव्हेंबर

नोबुए,

पत्र पोचलं. वाचायला मला सकाळ पुरली नाही. चष्मा बदलला, खिडकीशी जाऊन बसले, तरी निम्मे शब्द अंदाजानंच लावले.

आधी मला एक सांग आणि खरं सांग. तुला काय झालंय? अक्षर बघून विचारतेय. उभ्या ओळी वाऱ्यावर वाळत घातल्यासारख्या हलतायत. काही अक्षरं बोराएवढी, काही टरबुजाएवढी. आमच्या शेजारच्या मोरिवाकी आजोबांना झटका आला, त्यानंतर ते अगदी असंच लिहायचे. तेही म्हणायचे, मला काही झालेलं नाही. उजव्या अंगाला मुंग्या येतात का? बोलताना जीभ जड होते का? आणि अशा अवस्थेत तू एकटी नाराला हिंडतेस? तिथे त्या बाईनं हळूच काय सांगितलं ते मला कळलं. म्हणाली असेल, बाई गं, डॉक्टरकडे जा. बाहेरच्या माणसाला दिसलं आणि तू माझ्यापासून लपवतेस.

मी तुझ्यावर रागावलेय, आणि तो राग तसाच आहे. पण म्हणून तू आडवी पडावीस असं मला वाटत नाही. मूलबाळ नाही, आमचा शिगेकी नाही, तुला बघणार कोण?

मोठ्या इस्पितळात जाऊन डोकं तपासून घे. मग श्राद्धाचं बघू.

किनुयो


तोकुशिमा, १४ नोव्हेंबर

वन्सं,

मला काही झालेलं नाही. उगाच घाबरवलं तुम्हाला, माफ करा. पण खरं सांगू, तुमचं पत्र वाचून मला आधी हसू आलं आणि मग पुष्कळ वेळ रडू आलं. मला मुंग्या येतात का हे इतक्यात कुणी विचारलं नव्हतं.

झटका नाही, वन्सं. मी डावखुरी आहे. ते पत्र मी डाव्या हातानं लिहिलं होतं, हेही त्याच हातानं लिहितेय. या हाताला कुणी अक्षर शिकवलंच नाही, म्हणून ते पहिलीतल्या मुलासारखं येतं.

आमचं माहेर डोंगरातलं. आजी जेवताना माझा डावा हात पंच्यानं कमरेशी बांधायची. म्हणायची, डावऱ्या मुलीला कोण पदरात घेणार, पाहुण्यांना चहा उलट्या हातानं देशील आणि सोयरीक मोडेल. ती दुष्ट नव्हती. तिच्या बहिणीची खरंच मोडली होती. मग मी सगळं उजव्यानं करायला शिकले. जेवण, शिवण, चहा. लिहिणं तेवढं जमलं नाही. शाळेत कुंचल्याच्या तासाला सगळ्यांचे कागद भिंतीवर लावायचे, माझ्या कागदासमोर मुली थांबून बघायच्या. त्या हसायच्याही नाहीत. नुसत्या बघायच्या.

लग्नानंतर तर सवयच झाली. घरात एकटी असले की डाव्या हातानं भाजी चिरायची, ह्यांची चाहूल लागली की सुरी उजव्या हातात. ह्यांनाही मी कधी कळू दिलं नाही.

नाराच्या वर्गात मी शाई उगाळत होते, त्या ऑस्ट्रेलियन जोडप्याकडे बघून हसत होते, आणि हात आपोआप डावा गेला. बाईंनी पाहिलं. वाकून माझ्या कानाशी म्हणाल्या, "कुंचला उभा धरा. उभ्या कुंचल्याला डावं-उजवं कळत नाही. तुमचा हात जो असेल त्यानं लिहा." साठी ओलांडलेली बाई मी, आणि माझी मान वर होईना.

एक गंमत सांगते. आपल्या उभ्या ओळी उजवीकडून डावीकडे जातात ना, तर तुम्हा उजव्या लोकांचा हात ओल्या शाईवरून फिरतो. माझा कोऱ्या कागदावर असतो. माझं अक्षर घाणेरडं आहे, पण पुसट झालेलं नाही बघा.

आणि ती अंत्यविधीची गोष्ट. तुम्ही म्हणालात, त्याच्या शवपेटीत ठेवायला दोन ओळी लिही. टेबलावर कागद ठेवलात, पेन ठेवलंत. सगळे नातेवाईक उभे होते. मी म्हटलं, मी नाही लिहिणार. तुम्ही सगळ्यांदेखत म्हणालात, "जिवंतपणी लिहिलं नाहीस, आता काय लिहिणार." वन्सं, त्या सगळ्यांसमोर मी कुठल्या हातानं लिहायला हवं होतं?

नोबुए


साकाई, २१ नोव्हेंबर

नोबुए,

तुला झटका आलेला नाही हे वाचून देवासमोर दिवा लावला. दिवा लावून वळले आणि तुझा इतका राग आला की तो परत विझवावासा वाटला.

डावखुरी! मी काय काय समजत होते तुला. आई वारली तेव्हा तुझी दोन ओळींची चिठ्ठी नाही. माझं गुडघ्याचं ऑपरेशन झालं तेव्हा तू फोन केलास, फोनवर रडलीससुद्धा, पण मला वाटलं, फोनला काय लागतं. आम्ही दुकानदार माणसं, ही डोंगरातली मुलगी आम्हाला पत्राच्या लायकीचीसुद्धा समजत नाही, असं मी पुष्कळ जणांना सांगितलं. आता त्यातल्या निम्म्या जणांना खरं सांगावं तर ते उरलेलेही नाहीत.

माझं जाऊ दे. शिगेकीचं सांगते, कारण मी नाही सांगितलं तर आता कोण सांगणार.

गिरणीनं त्याला पार उत्तरेला कुशिरोला पाठवलं, तू तुझ्या आईच्या आजारपणामुळे मागे राहिलीस, ती वर्षं आठवतात ना? तो तुला दर आठवड्याला लिहायचा, तू फोन करायचीस. तिथल्या गिरणीच्या वसतिगृहात सगळे असेच एकटे आलेले पुरुष होते. रविवारी जेवणघरात बसून ते घरून आलेली पत्रं वाचायचे. कुणाची बायको भांडायची, कुणाची खर्च लिहायची, ते एकमेकांना वाचून दाखवायचे आणि हसायचे. शिगेकी त्या वेळी बाहेर फिरायला जायचा. कुशिरोच्या थंडीत, रविवारच्या रविवार. मी एकदा तिकडे गेले होते तेव्हा मला म्हणाला, "ताई, तिनं नुसतं 'इथे सगळं ठीक' एवढंच लिहिलं असतं तरी चाललं असतं मला. वाकडंतिकडं चाललं असतं."

मी तेव्हा त्याला म्हटलं होतं, तुझ्या बायकोला मन नाही.

हाताचं मला कळलं. आजीचं कळलं. पण नोबुए, दार लावून, एकटीनं बसून, डाव्या हातानं लिहून पाकिटात घालता आलं असतं की. तिथे कोण बघत होतं?

किनुयो


साकाई, ८ जानेवारी २०१८

नोबुए,

दीड महिना होऊन गेला, तुझं उत्तर नाही. नववर्षाचं छापील कार्डसुद्धा नाही. दोनदा फोन केला, तू उचलला नाहीस. तुझ्या शेजारणीला विचारलं तर म्हणाली, बरी आहे, कपडे वाळत घालते, बोलत नाही. मी ते कुशिरोचं तसं लिहायला नको होतं. खोटं नव्हतं ते, पण तू तिकडे एकटी वाचणार हे मी लक्षात घेतलं नाही.

मला तुला दुसरंच काही विचारायचंय. गेले काही दिवस ते माझ्या डोक्यातून जात नाही.

शिगेकी कुशिरोहून कायमचा परत आला, त्याच्या पुढच्या वसंतात तो एकटा माझ्याकडे आला होता. म्हणाला, "ताई, आपल्या गल्लीतल्या लोहाराकडे चल, मासे कापायची सुरी करून घ्यायचीय." आम्ही गेलो. लोहारानं कपाटातल्या सुऱ्या दाखवल्या तर हा म्हणतो, अशी नको, धार दुसऱ्या बाजूनं हवी. डाव्या हाताची. लोहार म्हणाला, मुद्दाम बनवावी लागेल, थांबावं लागेल. हा म्हणाला, थांबतो. मी विचारलं, कुणासाठी रे? तर म्हणाला, "ऑफिसात एक जण आहे." मी विसरूनही गेले.

तुझं पत्र आलं नसतं तर ते मला कधी आठवलंही नसतं. आता भाजी चिरायला घेतली की आठवतं. शिगेकी साधा माणूस. ऑफिसातल्या कुणासाठी तो साकाईपर्यंत येऊन सुरी करून घेईल का?

ती सुरी तुला मिळाली होती का?

किनुयो


नारा, १७ जानेवारी

वन्सं,

मिळाली होती.

माझ्या वाढदिवसाला ह्यांनी ती माझ्यासमोर ठेवली. कागदात गुंडाळलेली, त्यावर तुमच्या गल्लीतल्या लोहाराचा शिक्का. मी उघडली. पातं प्रकाशात धरलं आणि मला दिसलं, धार कुठल्या बाजूला आहे ते. मला वाटलं, योगायोग आहे, दुकानात चुकून दिली, आणि मी ती नीट धरली तर ह्यांना कळेल. म्हणून मी हसले. म्हटलं, "तुम्हाला फसवलं हो. ही तर उलट्या धारेची आहे, माझ्या काय उपयोगाची?"

हे माझ्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, "असं का? मला कळलं नाही. बदलून आणतो." आणि पुन्हा कागदात गुंडाळून घेऊन गेले. पुढच्या महिन्यात साधी सुरी आणली. ती अजून माझ्याकडे आहे. तुमचं पत्र येईपर्यंत मी त्या गोष्टीचा कधी विचारही केला नव्हता. उलट, माहेरी गेले की सांगायचे, आमच्या ह्यांना सुरीसुद्धा घेता येत नाही, आणि सगळे हसायचे.

म्हणजे वन्सं, ह्यांना माहीत होतं. मी इतकी वर्षं ज्या एका माणसापासून लपवत होते, तो बघत होता, आणि मी सांगेन म्हणून थांबला होता. त्यानं दार अर्धं उघडून दिलं आणि मी ते त्याच्या तोंडावर लावलं. हसत हसत.

तुम्ही विचारलंत, तिथे कोण बघत होतं. कुणी नाही. कुशिरोला लिहायला मी कितीदा बसले होते. उजव्या हातानं लिहिलं की ते वाचून माझीच मला लाज वाटायची. डाव्यानं लिहायचं तर आजी खोलीत आल्यासारखं वाटायचं. मग मी फोन करायचे आणि म्हणायचे, इथे सगळं ठीक. बोलताना मला किती सोपं वाटायचं ते. तुमच्या पत्रानंतर मला उत्तर लिहिता आलं नाही, कारण तुमचं बरोबर होतं.

मी परत नाराला आलेय. हिराओका बाईंच्या वर्गात या वेळी तैवानची एक मुलगी आणि तिचे वडील होते. बाईंनी मला ओळखलं. म्हणाल्या, "तुम्ही गेल्यापासून मी रोज थोडं डाव्या हातानं लिहून बघतेय. म्हटलं, तुम्ही परत आलात तर शिकवता यायला हवं." मग त्यांनी मला त्यांचे कागद दाखवले. माझ्यापेक्षा वाईट होते. आम्ही दोघी इतक्या हसलो की तैवानची मुलगी चक्रावून बघत राहिली.

मी बाईंना विचारलं, गेलेल्या माणसाला पत्र लिहायचं तर कसं लिहायचं? त्या म्हणाल्या, "ते मला शिकवता येणार नाही. मी फक्त रेघ शिकवते." त्यांनी कोरा कागद पुढे केला आणि त्या तैवानच्या वडिलांकडे गेल्या. मी ह्यांचं नाव लिहिलं. वरचं अक्षर दाट झालं, खालचं झाड एका बाजूला कललं. बाईंनी परत येऊन लाल शाईचा कुंचला उचलला, बघितलं, आणि काही दुरुस्ती न करता खाली ठेवला.

एवढंच लिहिता आलं. बाकी ज्याला सांगायचं तो नाही.

नोबुए


साकाई, २५ जानेवारी

नोबुए,

मी श्राद्धाला येतेय. सकाळच्या बसनं निघेन, तू स्टँडवर येऊ नकोस, मला रस्ता माहीत आहे.

आमच्या भावाला तोंड होतं, त्यानंही ते उघडलं नाही. तुझ्या एकटीचं नाही हे. आमच्या घराण्यातच बोलून टाकायची रीत नाही, माझ्या वाट्याला सगळं बोलणं आलं आणि तेही वेळ चुकवून. तुला मन नाही हे मीच त्याच्या डोक्यात घालत होते. तो ऐकून घ्यायचा आणि काही म्हणायचा नाही. मला वाटायचं, पटलंय.

जेवण साधं ठेव. विहारातल्या भंतेजींसमोर तू डाव्या हातानं उदबत्ती वाहिलीस तर कुणी काही बोलणार नाही. बोललंच तर मी आहे.

किनुयो


तोकुशिमा, २० फेब्रुवारी

वन्सं,

तुम्ही नीट पोचलात हे फोनवर कळलं, तरी लिहितेय. आता तुम्हाला वाचायची सवय झाली असेल.

श्राद्ध चांगलं झालं. भंतेजींनी मंत्र लवकर आवरले, तुमचे गुडघे बघून. उदबत्ती मी शेवटी उजव्या हातानंच वाहिली. तुम्ही माझ्याकडे बघितलंत ते मला कळलं. ऐन वेळी हात जाईना.

पण मला जेवणाचं लिहायचंय. आपण त्या उदोन शेवयांच्या दुकानात ओळीनं बसलो. तुम्ही वडीलधाऱ्या म्हणून माझ्या डाव्या बाजूला तुम्हाला बसवलं. मी मनाशी म्हटलं, आता नाही तर कधीच नाही, आणि डाव्या हातात काड्या धरल्या. पहिल्याच घासाला माझं कोपर तुमच्या कोपरावर आपटलं आणि तुमच्या वाटीतला रस्सा सांडला. ह्यांचे चुलतभाऊ बघायला लागले. मी काड्या खाली ठेवणार होते. तेवढ्यात तुम्ही काही न बोलता उठलात, आपली वाटी उचललीत, मागून वळसा घालून माझ्या उजव्या बाजूला येऊन बसलात आणि जेवायला लागलात. मग कोपरं लागली नाहीत.

तुम्ही निघून गेल्यावर मी भांडी घासत होते आणि मला आठवलं. आम्ही बाहेर कुठेही खायला गेलो, गाडीत डबा खाल्ला, कुणाच्या लग्नाला बसलो, तरी हे मला नेहमी डावीकडचं टोक द्यायचे आणि स्वतः माझ्या उजवीकडे बसायचे. कधी तिथे कुणी आधीच बसलेलं असलं तर ते जागा बदलून मागायचे. मला वाटायचं, ह्यांना कडेला बसायला आवडत नाही. एकदा मी त्यावरून चिडलेसुद्धा, म्हटलं, मला का नेहमी कोपऱ्यात ढकलता? तेव्हा हे म्हणाले होते, "तिथे तुझा हात मोकळा राहतो."

आणि मी तिथे बसून, इतकी वर्षं, उजव्या हातानं जेवत राहिले.

तुमची,
नोबुए